आडवा शब्द

भांडुप (प.)
४ जानेवारी २०२५

सहदेव,

'प्रिय' लिहायला हात वळत नाही आणि आशीर्वाद द्यायची आज माझी तयारी नाही. म्हणून नुसतं नाव.

माझा नंबर तू ब्लॉक केलास. तुझ्या भावोजींच्या फोनवरून लावला, तर तोही दुसऱ्या दिवसापासून लागेना. बोरिवलीला येऊन दार वाजवलं, तर तुझी बायको साखळी न काढताच म्हणाली, "हे बाहेरगावी गेलेत." आतून तुझा खोकला ऐकू येत होता. लहानपणापासून त्या खोकल्याशेजारी झोपलेय मी, ओळखणार नाही? तेव्हा आता पत्र. पोचपावतीचं आहे, मिळालंच नाही असं म्हणता येणार नाही.

पत्राचं दुसरंही कारण आहे. इथे मला तोंडाने रागावता येत नाही. परवा नळावर सुंदराबाईंची कळशी माझ्या पायावर आदळली आणि माझ्या तोंडून गेलं, "टाका ती भांडी गटारात!" सुंदराबाई म्हणाल्या, "बरा." आणि टाकली. मागे उभ्या असलेल्या बायकांनीही आपापली टाकली. मी गटारात हात घालून कळशा-बालद्या काढत बसले आणि त्या सगळ्या शांतपणे बघत होत्या, मी 'काढा' म्हणायची वाट बघत. ही ती सुंदराबाई, जी पाण्याच्या पाळीवरून सख्ख्या जावेशी सात वर्षं बोलत नव्हती! तुला कळतंय का इथे काय होऊन बसलंय?

नाही, तुला कळतंच आहे. तू करवलंस.

देवदिवाळी आठव. चाळीमागच्या उंबराखाली राखणदाराला नारळ ठेवून मागणं मागायचा दिवस. बाबा होते तोवर गाऱ्हाणं त्यांनी घातलं. ते गेल्यावर मुलगा म्हणून तू घातलंस, दोन वर्षं घातलंस, आणि काही म्हणजे काही फळलं नाही. मग मी घातलं आणि उन्हाळाभर नळाला पाणी राहिलं. बाबांची जीभ तुझ्याकडे न येता माझ्याकडे आली हे तुला अजून पचलेलं नाही, पण गरज लागली की ताईच आठवते. "ताई, चाळ रीडेव्हलपमेंटला जायचीय आणि अर्धी माणसं आडवी जातायत. दशरथकाका तर संमतीपत्राला हात लावत नाहीत. यंदा एकमताचं घाल ना."

मी म्हटलं, घालते. एकमत व्हावं हे बाबाही मागायचे, त्यात वाईट काय? पण बाबा तिथेच थांबायचे. पुढची ओळ तुझी. तू मला जिन्यात गाठून पाठ करून घेतलीस. मी नारळ ठेवला आणि म्हटलं, "बा राखणदारा म्हाराजा, ह्या लेकरांनी तुका नारळ ठेवलेलो आसा, तो मान्य करून घे म्हाराजा!" सगळे म्हणाले, "व्हय म्हाराजा!" "ह्या चाळीत सगळ्यांचा एक मत होवंदे म्हाराजा!" "व्हय म्हाराजा!" "आणि कोणाच्या तोंडातसून आडवो शबुद येवचो नाय असा कर म्हाराजा!" "व्हय म्हाराजा!" नंतर कोंबडी-वडे होते म्हणून एकूण एक माणूस खाली उतरलं होतं. पोरंसोरं, म्हातारे, तुझे भावोजी, माझी ऋतिका. सगळ्यांनी बेंबीच्या देठापासून 'व्हय' म्हटलं.

जो 'व्हय' म्हणतो त्याच्यावर गाऱ्हाणं चढतं, घालणाऱ्यावर चढत नाही. हे तुलाही ठाऊक आहे. बाबांनी दारू सुटायचं गाऱ्हाणं घातलं होतं तेव्हा शेजारच्या कमलचा नवरा मागे तोंड मिटून उभा राहिला आणि तो एकटाच पीत राहिला, विसरलास? तू तर बाजूला उभा राहून मोबाइलवर शूटिंग करत होतास. मला वाटलं हौस. आता कळतंय, तोंड बंद ठेवायला निमित्त हवं होतं.

झालं तुझ्या मनासारखं. त्याच आठवड्यात बिल्डरचा माणूस हर्षद आला आणि दशरथकाकांसकट सगळ्यांनी सह्या ठोकल्या. काकांनी तर चष्मासुद्धा लावला नाही.

पहिले काही दिवस मलाही बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. नळावर आवाज नाही, जिन्यात चपलांवरून कटकट नाही, ऋतिकाने ते नाशिकच्या नोकरीचं खूळही डोक्यातून काढलं. तुझ्या भावोजींच्यात काही फरक पडलाय हे तर मला आठवडाभर समजलंच नाही, ते आधीपासूनच 'बरं' म्हणणारे.

मग सर्वेश आला.

घाटकोपरचा सर्वेश. साखरपुडा ठरला होता तो. पावसाळ्यात त्याने मॉलच्या पार्किंगमध्ये ऋतिकाच्या कानफटात मारली होती, का, तर तिने फोन दाखवला नाही. ती त्याच पावली घरी आली, त्याच्याकडची साडी पिशवीत घालून परत पाठवली आणि "नाही" म्हणाली. एकदाच म्हणाली. मला त्या दिवशी तिचा केवढा अभिमान वाटला होता! आता डिसेंबरात तो पेढ्यांचा बॉक्स घेऊन आला आणि म्हणाला, "झालं गेलं विसरून जाऊ, लग्न करू." माझी पोरगी म्हणाली, "बरं."

तू ये. हे मागे घ्यायला मला तू लागणार आहेस. ये म्हणजे ये.

सुलक्षणा

भांडुप
१२ जानेवारी

सहदेव,

पोचपावती आली, सही तुझीच आहे. उत्तर नाही.

तुझ्यावाचून जमतंय का ते मी आधी बघितलं, कारण तुझं तोंड बघायची मला हौस नाही. परवा सगळ्यांना उंबराखाली बोलावलं. चला म्हटलं की चालतात, त्यामुळे तो प्रश्न नव्हता. नारळ ठेवला, गाऱ्हाणं मागे घेतलं. सगळी चाळ ओरडली, "व्हय म्हाराजा!" आणि काही झालं नाही. मी मुद्दाम दशरथकाकांना विचारलं, "काका, तुमची खोली मला देऊन टाकता?" काका म्हणाले, "देतंय गो बाय." आणि खिशातून चावी काढून माझ्या हातावर ठेवली. मला तिथे रडू आलं.

मग बाबांचं बोलणं आठवलं. बाबा म्हणायचे, "गाऱ्हाना मागे घेवचा तर जेना घातला तेनाच घेवक व्हया, आणि व्हय म्हणणारो आपल्या रगताचो व्हयो. पण जेच्या तोंडात 'नाय' पण आसा असो." नाही म्हणता येत नसेल त्याचं 'होय' देव धरत नाही. आपल्या रक्ताची तीन माणसं. मी घालणारी. ऋतिका अडकलेली. उरलास तू. सगळ्या भांडुपात शोधून दुसरा कोणी मिळाला असता तर त्याचे पाय धरले असते, पण तुला पत्र लिहिलं नसतं.

आता घरातलं ऐक, कारण तुला वाटत असेल मी नाटक करतेय.

मंगळवारी सर्वेश आणि त्याची आई तारीख ठरवायला आले. मी दारातच सांगितलं, "माझ्या मुलीला तू नको आहेस. परत यायचं नाही."

तो हसला. "काकू, तिला विचारा ना." आणि माझ्या खांद्यावरून आत बघून म्हणाला, "ऋतिका, तुला मी पायजे ना?"

"हो," ती म्हणाली.

मी म्हटलं, "ऋतिका, तुला हा नकोय ना?"

"हो आई, नकोय."

"नीट सांग यार, पायजे ना?"

"हो, पायजे."

असं चाललं होतं, सहदेव, माझ्या घरात. माझी मुलगी मध्ये स्टुलावर बसलेली आणि आम्ही दोघं दोन्हीकडून ओढतोय. त्याची आई बघत होती, तिला वाटलं पोरगी लाजतेय. शेवटचा बोलेल त्याचं खरं, आणि शेवटचा तोच बोलला, कारण माझ्याने पुढे ओढवेना. ऋतिका 'हो' म्हणत होती आणि तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं. तोंड हसरं आणि डोळे वाहतायत, असं माणूस तू बघितलंयस का कधी? तेवीस फेब्रुवारी ठरवून गेले. तुझे भावोजी त्यांना रिक्षापर्यंत सोडायला गेले, कारण सर्वेश म्हणाला, "चला काका."

मी तिचा फोन काढून घेतला. तर तो मुलुंडला तिच्या लॅबच्या खाली जाऊन उभा राहतो. सुट्टी घ्यायला लावली, तर घरी येतो. कोंडून ठेवू? मी 'आत बस' म्हटलं की बसते. तेही करून बघितलं. दिवसभर कॉटवर बसून राहिली, मी 'जेव' म्हणेपर्यंत पाणीसुद्धा मागितलं नाही.

येतोस की नाही?

सुलक्षणा

भांडुप
२६ जानेवारी

सहदेव,

तुझा व्हॉइस मेसेज भावोजींच्या फोनवर आला. मला पाठवायची हिंमत नाही, आणि त्यांना पाठवतोस, कारण तुला ठाऊक आहे की ते 'बरं' म्हणून ऐकतील.

काय म्हणतोस, "ताई, लग्न झालं की माणूस सुधारतो." कोणता माणूस? तू? "मी आत्ता आलो आणि ते मागे घेतलं तर लोक सह्या फिरवतील, कमिटीवर माझं नाव आहे, बिल्डरने कबूल केलेली माझी वरच्या मजल्याची जागा जाईल." आणि माझी मुलगी गेली तर चालेल? तू तिला पाळण्यात घातलं होतंस रे. कानात नाव तू सांगितलं होतंस, आत्याचं काम मामाने केलं म्हणून अख्खी चाळ हसली होती.

आणि शेवटी म्हणतोस, "तू पण वापरलंच ना ताई? नाशिकची नोकरी तिने आपणहून सोडली काय?"

तर ऐक. नाही सोडली आपणहून. मी सांगितलं. देवदिवाळीनंतर चार दिवसांनी ती भाजी निवडत बसली होती आणि मी म्हटलं, "नाशिकला नको जाऊस. एकटी मुलगी, अनोळखी गाव, इथली लॅब काय वाईट आहे?" दोन महिने त्यावरून आमचं रोज वाजत होतं. त्या दिवशी ती म्हणाली, "बरं." मी इतकी खूश झाले की संध्याकाळी शिरा केला. तेव्हा मला कळलं नव्हतं असं मी लिहिणार होते, पण तुझ्यासमोर कशाला मानभावीपणा करू? अर्धंमुर्धं कळलं होतं. मी खोदून बघितलं नाही. आई आहे मी तिची. पोरगी जवळ राहावी असं वाटलं आणि ती राहिली, ह्यात मी कोणाच्या तोंडचा घास काढला?

पण म्हणून तू माझ्याशी बरोबरी करणार? मी तिला जवळ ठेवलं, तू तिला मारणाऱ्याच्या हातात देतोयस. तुझा मेसेज ऐकल्यावर मला असा संताप आला की गॅलरीत जाऊन बोंब मारावीशी वाटली. तेही करू शकत नाही. मी ओरडले, 'जाळून टाका त्याचं संमतीपत्र, त्याची खोली फोडा,' तर ही माणसं काड्यापेटी घेऊन निघतील. गॅलरीत उभ्या उभ्या ओठ चावत राहिले. समोर झेंडावंदन चाललं होतं. कोणी भाषण थांबवा म्हटलं नाही म्हणून ते अजून चालू आहे.

तुझी जीभ झडो, असं लिहितेय. कागदावरचं फळत नाही, म्हणून बिनधास्त लिहितेय. झडो, झडो, झडो.

सुलक्षणा

भांडुप
१२ फेब्रुवारी

सहदेव,

आता मी विनवणी करत नाही. बातमी देतेय.

गेल्या आठवड्यात दुसरा बिल्डर आला. कोण कुठला माहीत नाही, पांढरी गाडी घेऊन आला, टेबल टाकलं आणि म्हणाला, "आमच्याकडे संमती द्या." सगळ्यांनी दिली. परवा तिसरा आला, सिनेमातल्यासारखे गॉगल घातलेला. त्यालाही दिली. काल मोबाइल टॉवरवाल्याचा पोऱ्या आला, त्याला गच्ची दिली. एक माणूस जुनं भंगार मागायला आला होता, तर तळमजल्यावरच्या लोकांनी त्याला चालू फ्रिज उचलून दिले.

हर्षद माझ्याकडे धावत आला. केस विस्कटलेले, शर्टाचं टोक बाहेर. "काकू, वाट लागली! आमचा वकील म्हणतो तिघांकडे त्याच माणसांच्या सह्या आहेत, तर एकाचीही चालणार नाही. तुमच्या लोकांनी असं का केलं?"

मी म्हटलं, "तुमच्या सहदेवला विचारा. त्याला 'नाही' न म्हणणारी माणसं हवी होती. मिळाली ना?"

"आता काय करायचं?"

"त्याला इथे आणा."

तेव्हा तो तुला आणणार आहे. तुझी वरच्या मजल्याची जागा आता कोणाच्याच बापाला मिळत नाही, जोवर ही माणसं हो ला हो म्हणतायत. भाचीसाठी तुझा पाय निघाला नाही, जागेसाठी निघेल. हे लिहिताना मला तुझी लाज वाटते, आणि हे लिहून उपयोग होणार हे माहीत आहे, त्याची त्याहून जास्त वाटते.

रविवारी सकाळी ये. नारळ मी आणते. तू फक्त तोंड आण.

सुलक्षणा

भांडुप
२० फेब्रुवारी

सहदेव,

आलास. उंबराखाली माझ्याकडे न बघता उभा राहिलास, मी मागे घेतलं, तू पुटपुटलास, "व्हय म्हाराजा." आणि वळून हर्षदच्या गाडीत बसलास. मागे वळून बघितलंही नाहीस. तर पुढचं मी सांगते, कारण ते तुझ्या कानावर घालणं माझं कर्तव्य आहे.

आधी काहीच झालं नाही. सगळे आपले उभे. मग दशरथकाका माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "माझी चावी दी." मी दिली. काकांनी ती मुठीत घट्ट धरली. म्हणाले, "अडीच महिने मी बघत होतंय गो. सगळा समजत होता. तोंड दुसऱ्याचा झाला होता." मग सुंदराबाईंनी नळावर पाळी मोडणाऱ्या एका बाईला पहिली शिवी घातली आणि बांध फुटला. एवढ्या दिवसांचं तुंबलेलं भांडण एका सकाळी झालं. फ्रिज कोणी दिला, सही कोणी करायला लावली, माझ्या पोराला रात्रभर अभ्यासाला कोणी बसवलं, तुझ्या म्हाताऱ्याने मला पाय चेपायला का सांगितलं. दुपारपर्यंत कोणाच्या घरात चूल पेटली नाही. तुझे भावोजी घरात येऊन म्हणाले, "मला पडवळाची भाजी आवडत नाही. कधीच आवडली नाही." आणि ताट सरकवलं. मी हसले. अडीच महिन्यांत पहिल्यांदा हसले.

संध्याकाळी सर्वेश आला. त्याला काय माहीत. पत्रिका दाखवायला आला होता. ऋतिका जिन्याच्या तोंडाशी उभी राहिली. तो खाली, ती वर.

"नाही," ती म्हणाली.

"काय नाही? अगं पत्रिका छापून झाल्या."

"नाही."

"काकू, हिला विचारा ना..."

"मला विचार. मी सांगतेय. नाही. परत आलास तर पोलिसांत जाईन, आणि त्या दिवशी मारलेलंसुद्धा लिहून देईन."

सगळी चाळ गॅलरीत उभी होती. सुंदराबाई वरून ओरडल्या, "रे मेल्या, ऐकाक येता काय तुका?" तो गेला. जाताना पत्रिकांची पिशवी जिन्यात पडली, पोरांनी त्यांची विमानं केली.

मी पुढे होऊन तिला जवळ घ्यायला गेले. ती मागे सरकली.

म्हणाली, "आणि तू, आई."

मी म्हटलं, "काय गं बाळ?"

"नाशिक."

मी काहीतरी बोलले, तू अनोळखी गावात एकटी, असंच काहीसं. ती म्हणाली, "आतून मी ओरडत होते. सर्वेशच्या वेळी ओरडत होते तसंच. तुला तेव्हा कळलं नाही आणि त्याच्या वेळी लगेच कळलं? त्याला 'हो' म्हणाले तेव्हा तू रडलीस. तुला 'हो' म्हणाले तेव्हा शिरा केलास."

तिने बॅग भरली. तुझे भावोजी दारात उभे होते, पण त्यांनी वाट सोडली. मी अडवलं असतं, सहदेव, मी दोन्ही हात पसरून उभी राहिले असते. पण तिने माझ्याकडे अशा नजरेने बघितलं की मी भिंतीला टेकले.

विक्रोळीला मुलींच्या हॉस्टेलमध्ये राहतेय. लॅबची मैत्रीण दिशा तिथे आहे.

तुला आनंद झाला असेल. होऊ दे.

सुलक्षणा

भांडुप
१६ मार्च

सहदेव,

तुझं पत्र आलं. चक्क पत्र, तुझ्या हस्ताक्षरात. नंबर अनब्लॉक केलायस तेही बघितलं. तरी मी पत्रच लिहिणार. फोनवर तू मध्ये बोलतोस.

तू लिहितोस, "ताई, जे झालं ते झालं. ऋतिकाला एकदा काही निमित्ताने उंबराखाली आण. तू गाऱ्हाणं घाल, मायलेकींचं मन जुळू दे म्हण. आम्ही सगळे व्हय म्हणू, तीही सवयीने म्हणेल. एका दिवसात घरी येईल. मला पण अपराधी वाटतंय, तेवढं तरी करू दे."

नाही.

हे उत्तर दोनदा वाच, कारण तुला माझ्याकडून हा शब्द ऐकायची सवय नाही. लहानपणी आईने तुझं ताट आधी वाढलं तेव्हा मी म्हटला नाही, बाबांची खोली तुझ्या नावावर झाली तेव्हा म्हटला नाही, जिन्यात ती ओळ पाठ करून घेतलीस तेव्हा तर म्हणायलाच हवा होता. आता म्हणतेय. तुला अजून, एवढं सगळं झाल्यावर अजून, माणसाला विचारण्यापेक्षा त्याच्याकडून म्हणवून घेणं सोपं वाटतं. आणि सांगू? पत्र वाचून पहिली एक गोष्ट माझ्या मनात आली, ती म्हणजे कोणतं निमित्त काढता येईल. तिच्या बाबांचा वाढदिवस जवळ आहे, असं मी खरंच मनात म्हटलं. मग मला माझाच इतका राग आला की तुझ्यावरचा थोडा कमी झाला.

पुढच्या देवदिवाळीला गाऱ्हाणं मी घालणार नाही. चाळीला सांगून टाकलंय. सुंदराबाई म्हणाल्या, "मगे पाण्याचा काय?" मी म्हटलं, पाण्याचं अर्ज करा, मोर्चा न्या, भांडा. भांडायला तुम्हाला कोण शिकवणार? सह्या सगळ्या रद्द झाल्यात, परवाच्या मीटिंगला दशरथकाका चष्मा लावून बसले होते आणि पहिल्या पानावरच अडले. तुझी जागा मिळेल तेव्हा मिळेल. हर्षदने केस कापून घेतलेत.

काल मी विक्रोळीला गेले होते. डब्यात सोलकढी आणि बांगडे नेले होते. हॉस्टेलच्या गेटवर वॉचमनने तिला बोलावलं. ती खाली आली, केस ओले, लॅबचा डगला हातावर. बारीक झालीय. नाशिकची जागा गेली, आता पुण्याला कुठेतरी अर्ज केलाय, उत्तर आलेलं नाही. हे मला तिने सांगितलं नाही, दिशाने सांगितलं.

डबा तिने घेतला. मी म्हटलं, "घरी चल."

"नाही," ती म्हणाली.

मला राग आला. तुला खोटं वाटेल, पण आला. एवढ्या उन्हात आले, पहाटे उठून बांगडे तळले, आणि नाही? जन्म दिलाय मी हिला. तोंडाशी आलं होतं की आता पुरे झालं, बॅग भर. पूर्वीसारखं चार वेळा म्हटलं असतं, रडले असते, तिच्या बाबांचं ब्लडप्रेशर पुढे केलं असतं, आणि कोणी सांगावं, आली असती.

मग मी तिच्याकडे बघितलं. ती घाबरली होती. सर्वेशसमोर जिन्यात उभी होती तेव्हा घाबरली नव्हती, माझ्यासमोर घाबरली होती. डबा छातीशी धरून उभी होती आणि मी पुढे काय म्हणते याची वाट बघत होती.

मी पुन्हा विचारलं नाही. म्हटलं, "डबा राहू दे तुझ्याकडे. सवडीने दे."

आणि निघाले. मी रस्ता ओलांडेपर्यंत ती गेटच्या आत उभी होती. हात केला नाही. पण वरही गेली नाही.

सुलक्षणा